पाचव्या वर्षापासून कमावती: हिदेको ताकामिने

प्रश्न थोडक्यात असा आहे: "तोक्योच्या गिंझा भागातला बार चालवणाऱ्या बाईवरचा, दिग्दर्शक मिकिओ नारुसेचा १९६० सालचा चित्रपट पाहिला. नायिका फारसं काही करताना दिसत नाही, तरी तिच्यावरून नजर हलत नाही. ही अभिनेत्री कोण? युद्धानंतरच्या जपानमध्ये तिची कारकीर्द घडली कशी? आणि दिग्दर्शक ओझुच्या चित्रपटांतल्या सेत्सुको हाराचं नाव सगळ्यांना माहीत असताना हिचं का नाही?"

मी संकलक आहे. तीसेक वर्षं दुसऱ्यांनी केलेला अभिनय मागे-पुढे फिरवून पाहण्यात गेली, आणि हा चित्रपट वर्गात किती वेळा थांबवून थांबवून दाखवलाय त्याचा हिशेब नाही. त्यामुळे उत्तर संकलनाच्या टेबलावरूनच येणार. सुरुवात मात्र अभिनयापासून न करता पैशापासून करतो, कारण हिदेको ताकामिनेची गोष्ट तिथूनच सुरू होते.

तिचा जन्म २७ मार्च १९२४चा, होक्काइदो बेटावरच्या हाकोदातेमधला. चार-पाच वर्षांची असताना आई वारली आणि आत्याने तिला दत्तक घेतलं. ही आत्या एके काळची बेन्शी, म्हणजे मूकपट चालू असताना पडद्याशेजारी उभं राहून गोष्ट सांगणारी कलाकार. 'ताकामिने हिदेको' हे मुळात त्या आत्याचंच रंगमंचावरचं नाव, ते पुढे पोरीला चिकटलं. १९२९ साली तोक्योतल्या शोचिकु कंपनीच्या कामाता स्टुडिओत एका चित्रपटासाठी लहान मुली उभ्या केल्या होत्या. त्या रांगेत हिलाही उभं केलं गेलं आणि तीच निवडली गेली. वय पाच. तेव्हापासून घरात येणारा पैसा तिचा. केस कापून तिला मुलग्यांच्या भूमिकाही दिल्या जात. ओझुच्या १९३१ सालच्या तोक्योवरच्या मूकपटात ती दिसते, छोटीशी, हट्टी चेहऱ्याची.

शाळा जवळजवळ नाहीच. शिक्षकांनी आणून दिलेल्या चित्रांच्या पुस्तकांवरून आपण वाचायला शिकलो, असं तिने पुढे लिहिलं आहे. १९३४ साली हाकोदातेला मोठी आग लागली, त्यात आजोबांचा धंदा बुडाला आणि तिकडचं कुटुंबही तोक्योला येऊन तिच्या कमाईवर राहू लागलं. तेव्हा ती दहा वर्षांची. १९३७ साली ती शोचिकु सोडून पी.सी.एल.मध्ये गेली (हीच कंपनी पुढे तोहो झाली). तिथे शिकायला मिळेल असं कबूल झालं होतं. बुन्का गाकुइन या शाळेत नाव घातलंही गेलं, पण शूटिंगच्या पायी हजेरी भरेना, म्हणून तेही सुटलं.

हे सगळं अशासाठी सांगितलं की तुम्ही पाहिलेल्या चित्रपटातली केइको आठवा. म्हातारी आई, कोर्टकचेरीत अडकलेला भाऊ, पोलिओ झालेला भाचा, आणि सगळ्यांचे हात हिच्यापुढे पसरलेले. तिला पैसे मागितले जातात तेव्हा तिच्या चेहऱ्यावर राग यायच्या आधी एक क्षणभर आकडेमोड येते. किती उरलेत, किती देता येतील, महिनाअखेर काय होईल. हे अभिनयाच्या शाळेत शिकवता येत नाही, निदान मला तरी शिकवता आलेलं नाही. ती हे लहानपणापासून करत आली होती.

युद्धाच्या आधीचा काळ भराभर सांगतो. कायजिरो यामामोतोच्या १९३८च्या चित्रपटात तिने एका गरीब पत्र्याच्या कारागिराची निबंध लिहिणारी मुलगी केली आणि बालतारकेची ती अभिनेत्री झाली. १९४१ साली याच यामामोतोचा घोडा पाळणाऱ्या मुलीवरचा चित्रपट आला. त्यावर सहायक दिग्दर्शक होता अकिरा कुरोसावा. दोघांचं जमलं होतं आणि तिच्या दत्तक आईने, म्हणजे त्याच आत्याने, ते मोडलं. तिच्याबद्दल बोलताना लोकांना हाच भाग आधी आठवतो, याचा मला थोडा कंटाळा आहे. त्याच वर्षी नारुसेने तिला घेऊन एका खेड्यातल्या बसच्या कंडक्टर मुलीवर तासाभराचा हलकाफुलका चित्रपट केला. नावातच 'हिदेको' होतं, इतकी ती लोकप्रिय होती. ही कंडक्टर लक्षात ठेवा, ती परत येणार आहे.

युद्धात तिचे फोटो सैनिकांच्या खिशात असत. १९४५च्या ऑगस्टमध्ये शरणागती जाहीर झाली तेव्हा ती एका युद्धपटाच्या शूटिंगवर होती. तो चित्रपट तिथेच बंद पडला. पुढे काही काळातच ती तोक्योच्या ताकाराझुका थिएटरमध्ये गात होती, पण आता त्याचं नाव एर्नी पाइल थिएटर झालं होतं आणि समोर अमेरिकन सैनिक बसले होते. कालपर्यंत ज्यांच्याशी लढायला जाणाऱ्या पोरांसाठी गायलं, आज त्यांच्यासाठीच गायचं. या गोष्टीचा तिच्या मनावर राहिलेला ओरखडा तिने नंतर स्वतःच लिहून ठेवला. 'युद्धानंतरची अभिनेत्री' असं आपण सहज म्हणतो, पण १९४५ साली एकवीस वर्षांच्या या मुलीच्या मागे नोकरीची सोळा वर्षं होती आणि मालक बदलला की गाणं बदलतं हे तिला कळून चुकलं होतं.

मग तोहोचा संप. १९४६ ते ४८ या काळात तोहोमध्ये कामगार संघटनेने तीन मोठे संप केले. दुसऱ्या संपाच्या वेळी दहा मोठे नट-नट्या संघटनेतून बाहेर पडले. देन्जिरो ओकोची, काझुओ हासेगावा, सेत्सुको हारा, इसुझु यामादा यांच्याबरोबर ताकामिनेही त्या दहांत होती. त्यातून १९४७ साली शिनतोहो, म्हणजे 'नवं तोहो', ही कंपनी उभी राहिली. तिसऱ्या संपात, १९ ऑगस्ट १९४८ रोजी, किनुता स्टुडिओवर पोलिसांच्या जोडीला अमेरिकन रणगाडे आणि विमानं आली. 'आल्या नाहीत त्या फक्त युद्धनौका', असं तेव्हा म्हटलं गेलं. ताकामिने त्या वेळी शिनतोहोत होती. संप मोडणाऱ्यांत तिला सरसकट टाकणारे आजही भेटतात. मला ते अर्धवट वाटतं. तिला कुठल्याच बाजूच्या घोषणांचा ओढा नव्हता. काम चालू राहिलं पाहिजे, कारण घरी खाणारी तोंडं आहेत, एवढंच तिचं राजकारण असावं. हे कौतुक म्हणून सांगत नाही.

शिनतोहोत तिने १९४९ साली गिंझावरचा एक गाण्याबजावण्याचा चित्रपट केला. र्योइची हात्तोरीच्या चालीवरचं त्यातलं गाणं घराघरांत गेलं. १९५० साली ओझुच्या 'मुनेकाता बहिणीं'मध्ये किनुयो तानाकासमोर ती धाकट्या, आगाऊ बहिणीची भूमिका करते. आणि मग, त्याच वर्षी, तिने असं काही केलं जे माझ्या मते तिच्या सबंध कारकिर्दीची किल्ली आहे. ती कंपनी सोडून मोकळी झाली. कुणाशीच कायमचा करार नाही.

याचं वजन कळायला त्या वेळची व्यवस्था माहीत हवी. जपानमध्ये नट हा कंपनीचा माणूस असे. माचिको क्यो दाएइची, पुढे आयाको वाकाओही दाएइची. १९५३ च्या सप्टेंबरमध्ये तर शोचिकु, तोहो, दाएइ, शिनतोहो आणि तोएइ या पाच कंपन्यांनी मिळून करारच केला की एकमेकांचे कलाकार आणि दिग्दर्शक कुणी पळवायचे नाहीत. या भिंती उभ्या राहण्याच्या आधीच ताकामिने बाहेर होती. त्यामुळे तिला जे जमलं ते फार थोड्यांना जमलं. तोहोच्या मिकिओ नारुसेबरोबर १७ चित्रपट आणि शोचिकुच्या केइसुके किनोशिताबरोबर १२. दोघं एकमेकांपासून कोसभर दूर असलेले दिग्दर्शक. किनोशिताच्या चित्रपटात भावना ओसंडून वाहतात, नारुसेच्या चित्रपटात त्या कुणी दाखवतच नाही. ती दोन्हीकडे घरच्यासारखी.

किनोशिताकडून सुरुवात करू. १९५१चा 'कारमेन गावी परतते' हा जपानचा पहिला संपूर्ण रंगीत चित्रपट. फुजीची देशी फिल्म, पण तिला प्रकाश इतका लागे की बरंचसं शूटिंग आसामा ज्वालामुखीच्या पायथ्याशी उघड्या उन्हात केलं गेलं. रंग दगा देतील या भीतीने तोच चित्रपट कृष्णधवलमध्येही वेगळा शूट झाला, म्हणजे प्रत्येक प्रसंग पुन्हा करायचा. भूमिका काय, तर तोक्योत कपडे उतरवून नाचणारी मुलगी आपल्याला मोठी कलाकार समजत खेड्यात येते. टवाळी करणं अगदी सोपं होतं. ताकामिने ती मुलगी इतक्या मनापासून मूर्ख करते की हसता हसता तिची बाजू घ्यावीशी वाटते. रंगीत फिल्मसाठी चेहऱ्यावर थापलेल्या मेकअपमागेही तिचे डोळे हलताना दिसतात.

त्यानंतर ती एकटीच पॅरिसला निघून गेली आणि सहा-सात महिने तिथे राहिली. अभिनय शिकायला वगैरे नव्हे. आईपासून, नातेवाइकांपासून, आणि तिच्याकडे पाहताच 'देको-चान' म्हणून हाक मारणाऱ्या सगळ्या देशापासून लांब जायला.

परत आल्यावर १९५२चा 'इनाझुमा', म्हणजे वीज. नारुसेने फुमिको हायाशीच्या कादंबरीवरून केलेला. आता ती कंडक्टर आठवा. इथे ताकामिने तोक्यो दाखवणाऱ्या पर्यटक बसमध्ये गाइड आहे. चित्रपट उघडतो तोच ती प्रवाशांना गिंझाची माहिती सांगत असताना. अकरा वर्षांपूर्वीची खेड्यातली मुलगी बसमध्ये फुलत होती. इथली बस गाइड तेच काम पाठ केल्यासारखं करते. घरी आई, तिची चार मुलं, चौघांचे बाप चार. मोठ्या बहिणीचा नवरा मरतो आणि त्याच्या विम्याच्या पैशावर सगळे तुटून पडतात. नारुसेच्या चित्रपटात लोक आकडे बोलतात, हे पहिल्यांदा माझ्या लक्षात आलं ते इथे. इतका येन भाडं, इतका उसना, इतका विमा. दुसऱ्यांच्या चित्रपटात प्रेमाचे संवाद असतात त्या जागी इथे हिशेब असतात.

आता १९५४-५५. या दोन वर्षांवर मी जरा रेंगाळणार आहे, कारण असं साल नटाच्या आयुष्यात एकदा आलं तरी पुष्कळ.

सप्टेंबर १९५४ मध्ये किनोशिताचा 'चोवीस डोळे' लागला. साकाए त्सुबोईच्या कादंबरीवरचा, शोदोशिमा बेटावरच्या शाळेचा. १९२८ साली ओइशी नावाची तरुण शिक्षिका सायकलवरून, परदेशी पेहरावात येते तेव्हा गावाला ते पटत नाही. पहिलीच्या वर्गात बारा मुलं. पुढे अठरा वर्षांत गरिबी आणि युद्ध या मुलांचं काय करतं ते आपण तिच्या डोळ्यांनी पाहतो. मुलं वाढलेली दाखवायला किनोशिताने एकमेकांसारखे दिसणारे सख्खे भावंडं शोधून काढले, त्यामुळे वय वाढलं तरी चेहरा तोच राहतो. ताकामिनेला मात्र सगळी वयं स्वतःच करायची होती. ती तेव्हा तीस वर्षांची. सुरुवातीची चाल पाहा आणि १९४६ सालची चाल पाहा. तिने पाठ वाकवलेली नाही, म्हातारपणाचं नाटक केलेलं नाही. वजन टाचांवर गेलंय, बस. शेवटी युद्धात आंधळा झालेला विद्यार्थी त्या जुन्या फोटोवरून बोट फिरवत कोण कुठे बसलंय ते सांगतो, तेव्हा कुणाला रडू आलं नाही असं मी वर्गात कधी पाहिलेलं नाही. किनोशिताला रडवायचंच असतं. मला हा चित्रपट जरा जास्त गोड वाटतो, आणि तरीही मी दरवेळी रडतो.

'किनेमा जुम्पो' या मासिकाच्या त्या वर्षीच्या यादीत हा चित्रपट पहिला आला. दुसराही किनोशिताचाच, मुलींच्या कॉलेजवरचा, त्यातही ताकामिने होती. कुरोसावाचे सात सामुराई तिसऱ्या क्रमांकावर. जगाने नंतर हा क्रम उलटा केला, पण तेव्हा जपानी समीक्षकांना काय जवळचं वाटत होतं हे यावरून कळतं.

बरोबर चार महिन्यांनी, १५ जानेवारी १९५५ ला, दुसऱ्या कंपनीकडून नारुसेचा 'उकिगुमो', तरंगते ढग. पुन्हा हायाशीची कादंबरी, पटकथा योको मिझुकीची. युकिको युद्धात फ्रेंच इंडोचायनातल्या दालातला नोकरीला असते, तिथे वनखात्याच्या तोमिओकाच्या प्रेमात पडते. युद्ध संपल्यावर पडक्या तोक्योत ती त्याला शोधत येते. त्याची बायको आहे, तो दुबळा आहे, तो पुढेही दुसऱ्या बायकांत गुंतत राहतो. ती हे सगळं पाहते, त्याला टोचून बोलते, आणि जात नाही. शेवट दक्षिणेला याकुशिमा बेटावर, जिथे सतत पाऊस.

या भूमिकेला ती आधी नाही म्हणत होती. इतकं मोठं प्रेम आपल्याला जमणार नाही, हे पटवून द्यायला तिने सगळी पटकथा स्वतःच्या आवाजात टेपवर वाचून पाठवली. ऐकणाऱ्यांना वाटलं, काय हा उत्साह! काम तिलाच मिळालं. ही गोष्ट तिनेच सांगितलेली आहे आणि तिच्या स्वभावाशी ती जुळते.

चित्रपट पाहताना दोघं चालतात त्याकडे लक्ष द्या. ढिगाऱ्यांमधून, गल्ल्यांतून, गरम पाण्याच्या झऱ्यांच्या गावी पायऱ्यांवरून. कधी ती अर्धं पाऊल मागे असते, कधी थांबून त्याला पुढे जाऊ देते, मग पुन्हा गाठते. तोमिओका झालेला मासायुकी मोरी आणि ती यांच्यातलं ते अंतर म्हणजेच पटकथा. दालातच्या आठवणीत ती पांढऱ्या कपड्यांत जिना उतरते तेव्हा तिचं शरीर हलकं आहे. तोक्योत तेच शरीर ओलं कापड पिळून ठेवावं तसं. ओझु म्हणाला होता की आपल्याला करता येणार नाहीत असे दोनच चित्रपट आहेत, एक मिझोगुचीचा गिओनच्या बहिणींवरचा आणि दुसरा हा. 'किनेमा जुम्पो'त १९५५चा पहिला क्रमांकही याचाच, आणि सर्वोत्तम अभिनेत्री ती.

मार्च संपताना, एकतिसाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, तिने किनोशिताचा सहायक झेन्झो मात्सुयामा याच्याशी लग्न केलं. त्याची मिळकत तिच्या मानाने नगण्य होती. त्या काळात नटी लग्न करून घरी बसे. ही बसली नाही. घरखर्चाचं गणित इथेही तिचंच, फरक इतका की या वेळी ते तिने स्वतः निवडलेलं होतं. मात्सुयामा पुढे मोठा पटकथाकार झाला. १९६१ साली त्याने दिग्दर्शित केलेल्या पहिल्या चित्रपटात ती मूकबधिर बाई झाली. त्यात रेल्वेच्या दोन डब्यांत उभे असलेले नवरा-बायको काचेतून खुणांनी भांडतात आणि समजूत काढतात. संवाद नाही, फक्त हात आणि चेहरा. संकलनाच्या वर्गाला याहून चांगला धडा नाही.

आता तुमच्या मूळ शंकेकडे येतो: ती काही करत नाही आणि तरी नजर का हलत नाही?

नारुसे सेटवर जवळपास बोलत नसे. पटकथा हातात आली की संवाद खोडत बसे. आणि त्याची एक पद्धत होती, जपानी सेटवर तिला 'नाकानुकी' म्हणतात. दोघांचं संभाषण असेल तर एकाच्या बाजूचे सगळे शॉट आधी सलग काढायचे, मग कॅमेरा आणि दिवे फिरवून दुसऱ्याच्या बाजूचे सगळे. वेळ आणि पैसा वाचतो. पण नटाला समोरच्याची प्रतिक्रिया न मिळता, मधली वाक्यं गाळून, हवेत बोलावं लागतं. अनेकांचा यात जीव गुदमरतो. ताकामिनेला मात्र पाचव्या वर्षापासून 'इकडे बघ, आता रड' असं तुकड्या-तुकड्यांत काम करायची सवय होती. सबंध प्रसंग तिच्या डोक्यात असे. जोडल्यावर तिचा प्रत्येक तुकडा आधीच्या तुकड्याचं तापमान बरोबर घेऊन येतो. मी नटांचे असे तुकडे जोडले आहेत ज्यांत एक वाक्य सकाळचं वाटतं आणि पुढचं संध्याकाळचं. तिच्या कामात मला असा सांधा सापडलेला नाही.

दुसरं म्हणजे कपडे. त्या १९६०च्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत वेशभूषेसाठीही तिचंच नाव आहे. केइकोचे किमोनो तिने ठरवले. बार चालवणाऱ्या बाईला चांगलं दिसण्यावर किती खर्च करावा लागतो हा कथेचाच भाग आहे, आणि ती बाई उसन्या पैशावर उभी असली तरी भडक दिसणार नाही हे ताकामिनेने रंग आणि पोतातून ठरवून टाकलं. इतर मुली परदेशी पोशाखात, ही किमोनोत. तिच्याविषयी आपल्याला जे वाटतं त्यातलं निम्मं तिने कॅमेरा सुरू होण्याच्या आधी करून ठेवलेलं असतं.

आणि बारचा जिना. रोज संध्याकाळी तो चढायचा आपल्याला तिटकारा आहे असं ती आपल्या आवाजात सांगते. वर गेलं की मात्र वारा येईल तसं वागायचं. पुन्हा पाहाल तेव्हा वरच्या पायरीवरचा क्षण बघा. दाराआधी तिचा चेहरा रिकामा होतो आणि दार उघडताना भरतो. शेवटी तेच पुन्हा येतं, पण मधल्या काळात लग्नाचं आमिष दाखवणारा सेकिने खोटारडा निघालेला असतो, बँकवाल्या फुजिसाकीबरोबरची रात्र आणि त्याने दिलेले शेअर होऊन गेलेले असतात, ते शेअर स्टेशनवर त्याच्या बायकोपुढे परत करून झालेले असतात. चित्रपट संपतो ते तिच्या हसण्यावर. आधीच्या हसण्यापेक्षा ते तसूभर जास्त चांगलं आहे. माझ्या अंगावर काटा येतो तो तिथे.

हारा का आणि ही का नाही? यात हाराचा दोष नाही आणि गुणांचा फरकही नाही. १९५१ साली कुरोसावाच्या चित्रपटाला व्हेनिसच्या महोत्सवात सोन्याचा सिंह हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला आणि परदेशी बाजाराला जपानकडून काय हवं ते ठरून गेलं: तलवारी, किमोनो, जुना काळ. माचिको क्यो त्या लाटेवर जगभर पोचली. ताकामिनेचा स्वतःचा व्हेनिसविजेता चित्रपट, १९५८चा हिरोशी इनागाकीचा रिक्षावाल्याचा, लोकांना त्याचा नायक तोशिरो मिफुनेसाठी आठवतो. नारुसेच्या चित्रपटांत दुकानं, भाडी, नातेवाईक. हे घरगुती चित्रपट बाहेर कोण पाहणार, असा खुद्द जपानी कंपन्यांचाच समज होता. १९८३ साली लोकार्नोच्या चित्रपट महोत्सवात नारुसेचे चित्रपट एकत्र दाखवले गेले तेव्हा कुठे बाहेर त्याचं नाव व्हायला लागलं. तोवर ताकामिने निवृत्त होऊन चार वर्षं झाली होती. आणि हारा चाळिशीनंतर एकदम पडद्याआड गेली, कामाकुरात राहिली, कुणाला भेटली नाही. त्या गप्प राहण्याची दंतकथा झाली. ताकामिनेने उलट सगळं लिहून टाकलं. १९७६ साली तिचं आत्मचरित्र आलं, त्याला निबंधकारांच्या संस्थेचं पारितोषिक मिळालं, आणि नंतरही ती लिहीत राहिली. शाळेत न गेलेल्या बाईचं गद्य कोरडं, तिरकस आणि नेमकं म्हणून वाखाणलं जातं. जिने स्वतःच पडदा बाजूला केला तिच्याभोवती गूढ कसं राहणार?

साठच्या दशकात टीव्हीने चित्रपटगृहं रिकामी करायला घेतली. १९५८ साली जपानमध्ये वर्षाला ११२ कोटींहून अधिक तिकिटं विकली जात. तो कळस होता, मग उतरणच. या उतरणीवर तिने केलेला १९६४चा 'मिदारेरु' मला सगळ्यांत प्रिय आहे. पटकथा मात्सुयामाची, दिग्दर्शन नारुसेचं. शिमिझु शहरात एक युद्धविधवा अठरा वर्षं सासरचं वाणसामानाचं दुकान सांभाळते. समोर सुपरमार्केट येतं, अंडी अशा भावात विकायला लागतं की शेजारचा दुकानदार हताश होतो. बरीच वर्षं लहान असलेला दीर सांगतो की माझं तुझ्यावर प्रेम आहे. पुढचं सांगत नाही. शेवटच्या शॉटमध्ये ती धावत येते, थांबते, कॅमेरा चेहऱ्यावर. काही सेकंद. चित्रपट तिथेच तुटतो. एखादा दुसरा संकलक आणखी दोन सेकंद ठेवता आणि सगळं सांडून टाकता. पण तो कट शक्य झाला याचं कारण तिने त्या काही सेकंदांत पुढचा तासभर करून ठेवलाय.

त्यानंतर भूमिका विरळ होत गेल्या. १९६७ साली मासुमुराच्या चित्रपटात ती आयाको वाकाओची सासू झाली, अतिशय गोड बोलणारी आणि आतून काटेरी. १९७३ साली स्मृतिभ्रंश झालेल्या सासऱ्याचं करणारी सून. १९७९ साली किनोशिताच्या चित्रपटात काम करून, पन्नास वर्षांची नोकरी संपवून, पंचावन्नाव्या वर्षी ती थांबली. मोठं घर पाडून छोटं बांधलं, सामान कमी केलं. २८ डिसेंबर २०१० ला ती गेली.

कुठून सुरू करावं असं विचाराल तर 'मिदारेरु'पासून करू नका, तो शेवटी ठेवा. आधी 'इनाझुमा', मग 'चोवीस डोळे' आणि 'उकिगुमो' लागोपाठ दोन दिवसांत, म्हणजे चार महिन्यांत तिने काय केलं ते कळेल. चव बदलायला कारमेन. मग तुम्ही पाहिलेला तो जिन्याचा चित्रपट पुन्हा एकदा. सबटायटल्समध्ये येनचे आकडे येतात ते वगळून पुढे जाऊ नका, शक्य तर कागदावर टिपत जा.

नारुसे १९६९ साली वारला. आजारपणात ती भेटायला गेली तेव्हा त्याने तिला मनातला एक चित्रपट सांगितला होता. सेट नाही, रंग नाही, मागे नुसते पांढरे पडदे आणि त्यांच्यापुढे अभिनय करणारी ताकामिने. तो काही झाला नाही.